दोन चमचे पाणी

जाधवबाई गेल्याचं कळलं त्या दिवशी आमच्या सोसायटीच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर जोडलेल्या हातांची नुसती रांग लागली. त्यात तळमजल्यावरच्या सावंतवहिनींनी लिहिलं होतं, "बाई आमच्या घरातल्याच होत्या. त्यांच्या हातचा केक कधीच विसरता येणार नाही." खाली दोन रडणारे चेहरे आणि एक केकचं चित्र.

मी फोन पलंगावर आपटला. आमचे हे नुकतेच एमआयडीसीतून पाळी संपवून आले होते, बूटही काढले नव्हते. म्हणाले, "काय झालं?" मी म्हटलं, "घरातल्याच होत्या म्हणे! घरातल्या माणसाच्या हातचं पाणी चालत नाही होय?" हे म्हणाले, "जाऊ दे ना, नंदा. माणूस गेलं आता." हेच ते! माणूस असतं तेव्हाही जाऊ दे, आणि माणूस गेलं की तर काय, जाऊच दे. मी नाही जाऊ देणार. म्हणून लिहायला बसले आहे, आणि आधीच सांगते, शांतपणे लिहिणार नाही.

बाई आमच्या डोक्यावर, म्हणजे तिसऱ्या मजल्यावर राहायच्या. आम्ही दुसऱ्यावर. पोलादपूरच्या वरच्या अंगाला ज्या डोंगरवाड्या आहेत, तिथल्या शाळांमधून त्यांनी उभा जन्म शिकवलं आणि निवृत्त होऊन महाडात फ्लॅट घेतला. यजमान लवकर गेलेले. एक मुलगी, ती पनवेलला दिलेली. बाई अंगाने बारीक, आवाजाने मोठ्या. जिन्यात बोलल्या तर गच्चीवर वाळत घातलेल्या पापडांना ऐकू जाईल असा आवाज. कुणी पुटपुटलं की त्यांना खपायचं नाही. वाणी असो, डॉक्टर असो, सोसायटीचे सेक्रेटरी असोत, बाई म्हणायच्या, "मोठ्याने बोला. मागच्या बाकावर ऐकू गेलं पाहिजे."

आणि मार्क. बाई जगातल्या प्रत्येक गोष्टीला मार्क द्यायच्या. शंभरपैकी. पुढाऱ्याच्या भाषणाला बावीस. माझ्या आमटीला अठ्ठावन्न, "मीठ बघून घाल जरा, प्रथम श्रेणी दोन मार्कांनी गेली तुझी." डेपोतून वेळेवर सुटलेल्या एसटीला एकदा नव्वद दिले होते, ते त्यांनी पुढे कित्येक दिवस सगळ्यांना सांगितलं. शंभर कुणालाच नाहीत. मी विचारलं तर म्हणाल्या, "शंभर दिले की पोरगं बिघडतं."

बोलणं एकदम पुस्तकी, आहे-नाही, होतं-नव्हतं. पण बाई आतून हलल्या, राग असो की माया, की जीभ सरळ गावाला जायची. आहेचं हाय व्हायचं, नाहीचं नाय. त्यांची लेक फोनवर आईचं पहिलं वाक्य ऐकूनच ओळखायची की आज काहीतरी बिनसलंय.

निवृत्त झाल्यावर बाईंनी ओव्हन घेतला. लेक म्हणत होती बांगड्या कर, बाईंनी ओव्हन केला. त्यामागे जुनी हौस होती. लहानपणी महाडच्या बेकरीत घरचं पीठ, तूप, साखर घेऊन जायचं आणि नानकटाई भाजून आणायची, असा दिवाळीचा रिवाज होता. भट्टीतून पत्रे बाहेर निघाले की तो जो वास सुटायचा, तो बाईंच्या डोक्यात बसला होता. "तेव्हाच ठरवलं होतं," म्हणायच्या, "एक दिवस ती भट्टी माझ्या घरात असेल." खडू सुटला, पण बाईंचे हात पांढरे ते पांढरेच राहिले. आता मैद्याने आणि पिठीसाखरेने.

रव्याचा केक, बडीशेप घातलेले गोल बन, नानकटाई. पण त्यांची खरी करामत म्हणजे त्यावरचा लेप. मी मोबाइलवर बघून सांगितलं, "बाई, याला ग्लेझ म्हणतात." बाई म्हणाल्या, "म्हणू देत. माझ्या वर्गात लेप."

करायला इतका सोपा, की सांगितलं तर हसाल. एक वाटी पिठीसाखर, दोन चमचे पाणी, चार थेंब लिंबू, बोटाच्या टोकावर राहील एवढं मीठ. झालं. गॅस नको, चूल नको. पण बाई त्याला असं वागवायच्या की जणू बोर्डाची परीक्षा आहे. साखर दुकानातली दळलेली नको, घरीच मिक्सरला फिरवायची, आणि झाकण लगेच उघडायचं नाही, नाहीतर साखरेचा धूर नाकात जातो. मग दोनदा चाळायची, कारण एक खडा राहिला तरी लेपावर मुरुमासारखा दिसतो. पाणी एकदम ओतायचं नाही. आधी एक चमचा, ढवळायचं, वाटतं की हे काही व्हायचं नाही, सगळं कोरडं आहे. ढवळत राहायचं. मग दुसरा चमचा, तोसुद्धा थेंबाथेंबाने. चमचा वर उचलला की लेपाची धार वाटीत पडली पाहिजे, तिची रेघ क्षणभर उमटून राहिली पाहिजे आणि मग हळूच बुजली पाहिजे. रेघ उमटलीच नाही तर पातळ, बुजलीच नाही तर घट्ट.

आणि सगळ्यात मोठा नियम, केक गार झाल्याशिवाय लेपाला हात लावायचा नाही. पार गार. तळाला हात लावून बघायचा.

मी पहिल्यांदा केला तेव्हा मला कुठला धीर! माझं डोकं आणि माझे हात, दोन्ही कायम फोडणीच्या तेलासारखे. केक ओव्हनमधून काढला आणि गरमागरम असतानाच वर लेप ओतला. बघता बघता सगळा लेप वितळून, केकवरून घसरून, ओट्यावरून खाली गेला. सकाळी उठून बघते तर ओटा काळा. मुंग्याच मुंग्या. बाई बघायला आल्या, कमरेवर हात ठेवून उभ्या राहिल्या. "पस्तीसही नाही देता येत गो. आणि जे काही आहेत ते या मुंग्यांचे. शिस्तीत रांगेत आल्यात."

नीट सुकलेला पाण्याचा लेप काचेसारखा होतो. बोट दाबलं की बारीक तडा जातो, दातांखाली किंचित करकरतो आणि लगेच विरघळतो. दुधातला लेप पांढराशुभ्र दिसतो खरा, पण तो मऊच राहतो, आणि आपल्या महाडच्या दमट हवेत दुसऱ्या दिवशी चिकचिकतो. म्हणून बाई लेप पाण्यातच करायच्या. हे लक्षात ठेवा. पुढे याच्यावरूनच सगळं रामायण झालं.

आता वहिनींच्या "कुठले जाधव"ची गोष्ट सांगते. बाई राहायला आल्या त्याच आठवड्यात सोसायटीची मीटिंग होती. ओळखी झाल्या आणि सावंतवहिनींनी अगदी गोड हसून विचारलं, "जाधव म्हणजे कुठले हो तुम्ही?" हा प्रश्न सगळ्यांना कळतो. याचं उत्तर गावाचं नाव नसतं, हेही सगळ्यांना कळतं. बाईंनी त्यांच्याकडे असं बघितलं, जसं प्रश्न नीट न वाचता उत्तर लिहिणाऱ्या पोराकडे बघतात. "बौद्धवाडीतले," बाई म्हणाल्या. मागच्या बाकावर जाईल इतक्या मोठ्याने. "आणखी काही विचारायचंय?" वहिनींना आणखी काही विचारायचं नव्हतं. चहा आला होता, त्या कपाकडे बघत बसल्या.

तशा वहिनी वाईट नाहीत, असं सगळे म्हणतात. मीही म्हणायचे. हळदीकुंकवाला बोलावतात, दवाखान्यात डबा नेऊन देतात. "मी नाही हो काही पाळत," हे त्यांचं ठरलेलं वाक्य. न पाळणाऱ्याला ते इतक्यांदा सांगावं का लागतं, हा प्रश्न मला फार उशिरा पडला.

मग पुराचं वर्ष आलं. आमच्याकडे सावित्री दरवर्षीच दाराशी येऊन जाते, त्यात नवल नाही. पण त्या वर्षी ती घरात आली. तळमजला बुडाला, पहिला बुडाला, आमच्या दुसऱ्या मजल्याच्या पायऱ्यांशी पाणी डुचमळायला लागलं. सगळी इमारत बाईंच्या दोन खोल्यांत. वीज नाही, नळ नाही, खाली चहूकडे पाणी आणि प्यायला थेंब नाही. होतं ते बाईंच्या माठात आणि पिंपात. कारण पुराचा भोंगा वाजायच्या आधीच या बाईने घरातलं एकेक भांडं भरून ठेवलं होतं.

सगळे प्यायले. सावंतवहिनी प्यायल्या, त्यांचे यजमान प्यायले, नुकतं लग्न होऊन आलेली त्यांची सून श्रुती प्यायली. बाईंच्या ओंजळीएवढ्या पेल्याने, बाईंच्या हाताने. डब्यातले बन सगळ्यांनी वाटून खाल्ले, लेपासकट. वहिनींनी तर बोटं चाटली. मी माझ्या या दोन डोळ्यांनी बघितलं आहे. कोर्टात कारकून आहे मी, साक्ष काय असते ते मला शिकवू नका.

पाणी ओसरलं, चिखल उपसला, दिवस पुढे गेले. श्रुतीला मुलगी झाली. तिचं बाळंतपण झाल्यापासून ती पोर बाईंच्याकडेच जास्त. रांगायला लागली तर बाईंच्या फरशीवर, पहिला दात आला तो बाईंच्या नानकटाईवर. श्रुती दुपारी दोन घटका झोप मिळावी म्हणून तिला वर सोडून जायची. बाई तिला मांडीवर घेऊन पाढे म्हणायच्या. मी म्हटलं, "अहो, तिला मान धरता येत नाही अजून!" तर म्हणाल्या, "कान धरता येतात ना? तेवढे पुरे." ती पोर बाईंना काय होती, हे मी सांगायला नको. संध्याकाळी वहिनी हाक मारून तिला खाली घेऊन जायच्या, तेव्हा बाई दार लावायच्या आधी जिन्यात किती वेळ उभ्या असायच्या, ते मला खालून दिसायचं.

तिचा पहिला वाढदिवस आला. केक बाईंचाच, यात कुणाला शंकाच नव्हती. बाईंनी महिनाभर आधीच ठरवलं होतं, रव्याचा, संत्र्याची साल किसून घातलेला, वर लेप, लेपावर बडीशेपेच्या गोळ्यांनी पोरीचं नाव. तीनदा करून बघितला. तिन्ही वेळा आम्ही खाल्ला. तिसऱ्याला त्यांनी स्वतःला शहाऐंशी दिले.

आदल्या दिवशी दुपारी मी बाईंकडे बसले होते. वहिनी आल्या. बसल्या नाहीत, दारातच उभ्या. हसत होत्या. "बाई, एक सांगायचं होतं. तो वरचा लेप आहे ना, तो दुधात कराल का? म्हणजे पांढरा छान दिसेल फोटोत."

बाई म्हणाल्या, "दुधात करकरीत होत नाही. पाण्यातच बरा होतो."

"हो, पण म्हणजे..." वहिनींनी जिन्याकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं. "गावाकडची माणसं येणार आहेत. आमचे सासरे, चुलतसासरे. जुनी माणसं. केकचं काही नाही हो, तो काय, भट्टीत भाजलेला, कोरडा. बेकरीतून आणतोच की आपण. पण पाणी म्हटलं की... दुधाला चालतं. मी नाही हो काही पाळत. नाहीतर असं करा ना, केक नुसता द्या. लेप मी घालते माझ्या घरी. तुमचाच त्रास वाचेल."

ऐकलंत? नीट ऐकलंत ना? कोरडं चालतं. दूध चालतं. पाणी चालत नाही. हे मला माझ्या आजीच्या तोंडचं ठाऊक होतं, दासगावला आमच्या जुन्या घरात हा हिशेब चालायचा, आणि मला वाटत होतं की तो आजीबरोबर गेला. तो कुठेही गेलेला नव्हता. गॅलरीत मनीप्लांट लावून, फोनवर फिल्टर लावून, तो आमच्या तळमजल्यावर राहात होता. आणि कुठे, तर महाडात! ज्या गावात तळ्याच्या ओंजळभर पाण्यासाठी काय झालं हे उभ्या जगाला ठाऊक आहे, त्या गावात. चवदार तळ्यापासून चालत येण्याच्या अंतरावर उभी राहून ही बाई वाटीतल्या दोन चमच्यांचं सोवळं सांगत होती!

मी उठलेच. तोंड उघडलं होतं. बाईंनी माझ्या मनगटावर हात ठेवला आणि मला खाली बसवलं. मग वहिनींना म्हणाल्या, "मग केक नाय जमायचा."

"अहो बाई, राग मानू नका..."

"राग नाय. लेप पाण्यातच व्हतो माझा. तो नको असंल तर केकपण नाय. बेकरीतून आणा. कोरडा."

वहिनी गेल्या. त्यांच्या चपलांचा आवाज तळमजल्यापर्यंत ऐकू येत होता. मग मी सुटले. काय काय बोलले ते इथे लिहिण्यासारखं नाही. मी म्हटलं, आत्ता खाली जाते आणि सगळ्या पाहुण्यांसमोर विचारते, पुरात कुणाच्या माठातलं प्यायलात? तेव्हा सासऱ्यांना फोन करून विचारलं होतं का?

बाई म्हणाल्या, "तू जायचं नाय."

"का नाही? तुम्ही गप्प बसता म्हणून हे लोक सोकावतात!"

"मी गप्प कुठे बसले? मी नाही म्हटलं ना?" आता त्या परत पुस्तकी बोलायला लागल्या होत्या, म्हणजे स्वतःला सावरत होत्या. "आयुष्यात पहिल्यांदा मी केकला नाही म्हटलं. तुला ते कमी वाटतं?"

मग त्यांनी मला ती शाळेची गोष्ट सांगितली. तरुणपणी एका डोंगरवाडीवर त्यांची बदली झाली. पहिल्याच दिवशी हेडमास्तरांनी खिडकीत एक वेगळा पेला ठेवलेला दाखवला. "हा तुमचा. माठाला हात लावू नका, पोरं काढून देतील." बाईंनी तो पेला उचलला, त्यात खडू ठेवले. दुसऱ्या दिवशी सगळ्यांच्या आधी शाळेत जाऊन माठ घासला, विहिरीवरून पाणी आणून भरला आणि वर्ग भरल्यावर सगळ्या पोरांसमोर त्यातलं पाणी पहिल्यांदा स्वतः प्यायल्या. हेडमास्तर दुसऱ्या दिवसापासून घरून बाटली आणायला लागले. काही आयांनी पोरं घरी ठेवली. बाई रोज माठ भरत राहिल्या. उन्हाळा आला. डोंगर चढून आलेली पोरं किती दिवस तहानेने बसतील? एकेक करून सगळी प्यायला लागली. "हेडमास्तर नाय प्यायले," बाई म्हणाल्या. "बदली होईपर्यंत बाटलीच. पण ती बाटली गरम व्हायची गो उन्हाने. माझा माठ गार."

"मग तिथे माठ भरलात, आणि इथे केकला नाही का?"

बाई म्हणाल्या, "तहानलेल्याला नाही म्हणू नये. पण वाढदिवसाला कुणी तहानलेलं नसतं."

वाढदिवस झाला. खालून गाण्यांचा आवाज येत होता. केक बेकरीतला होता, गुलाबी. बाईंना आमंत्रण होतं बरं का! वहिनींनी स्वतः येऊन दिलं होतं. बाई गेल्या नाहीत. मीही गेले नाही. आमचे हे गेले आणि कागदी ताटलीत केक घेऊन आले, तो मी त्यांच्यासमोर कचऱ्यात टाकला. "अगं, केकचा काय दोष?" म्हणाले. मी म्हटलं, "केकचा नाही. तुमचा आहे."

त्यानंतर पोर वर यायची बंद झाली. कुणी बंद केली ते मी सांगत नाही, तुम्हाला कळलं असेल. श्रुती जिन्यात भेटली की मान खाली घालून जायची. एकदा पोरगी तिच्या कडेवरून हात पसरून "बे-बे-बे" करत वर झेपावली, पाढ्यांतला तेवढाच तुकडा तिला येत असावा. श्रुतीने तिला घट्ट धरलं आणि आत गेली. बाई वरच्या कठड्याशी उभ्या होत्या. त्या दिवशी त्यांनी कशालाच मार्क दिले नाहीत. मला वहिनींचा राग आला, श्रुतीचा आला, आणि खरं सांगू, बाईंचाही आला. म्हटलं, दोन चमचे दूध घातलं असतं तर पोर तरी राहिली असती. हे मी मनातच म्हटलं, आणि म्हटल्याबरोबर स्वतःलाच कडकडून चिमटा काढला. बघा, कुठे कुठे शिरतं हे.

पुढच्या पावसात पुन्हा भोंगा वाजला. सकाळपासून डोंगरात कोसळत होतं, सावित्री तांबडी होऊन फुगत चालली होती. दुपारपर्यंत आमच्या आवारात गुडघाभर पाणी. एकदा पोळलेली माणसं, कुणी वाट बघितली नाही. सगळे आपापल्या पिशव्या घेऊन जिना चढायला लागले आणि सवयीने थेट तिसऱ्यावर.

सावंतांचं कुटुंब सगळ्यात शेवटी आलं. तळमजल्याचं सामान वर चढवता चढवता वहिनींचा जीव मेटाकुटीला आला होता. लाल झालेल्या, धापा टाकत, खोकत. जिन्याच्या शेवटच्या पायरीवर थांबल्या. दार उघडं होतं, आत पंधरा माणसं बसलेली, पण त्या आत येईनात. श्रुती पोरीला घेऊन त्यांच्या मागे.

बाई आतून म्हणाल्या, "बाहेर काय उभ्या? पोर भिजतंय. आत या."

आल्या. दाराशीच टेकल्या. खोकला थांबेना. बाई उठल्या, माठातलं पाणी पेल्यात घेतलं, तोच ओंजळीएवढा पेला, आणि वहिनींच्या समोर येऊन उभ्या राहिल्या. पेला पुढे केला नाही. हातातच धरला.

"वहिनी, दूध नाय घरात. पाणीच हाय. चालंल?"

टोमणा मारून म्हणाल्या असत्या तर बरं झालं असतं. तसं नव्हतं. आजारी पोराला विचारतात तसं विचारलं. वहिनींचे यजमान खिडकीतून पाणी बघायला लागले, जसं काही ते आत्ताच दिसलं.

वहिनी खाली बघून काहीतरी बोलल्या.

"ऐकू नाय आलं," बाई म्हणाल्या.

"चालेल."

"मोठ्यानं बोला, वहिनी. मागच्या बाकावर ऐकू गेलं पाहिजे."

मी मागच्या बाकावरच होते. स्वयंपाकघराच्या दारात, तोंडावर पदर दाबून. हसत होते की रडत होते, देव जाणे.

"चालेल!" वहिनी म्हणाल्या. आवाज फाटला. "द्या, बाई. पाणी द्या."

बाईंनी पेला दिला. वहिनी घटाघटा प्यायल्या. दुसरा मागितला, तोही दिला.

श्रुतीने पोरीला खाली ठेवलं. पोर तिसऱ्या मजल्याची फरशी विसरली नव्हती. धडपडत थेट बाईंच्या पायाशी आली आणि साडी धरून उभी राहिली. बाई वाकल्या, तिला उचललं, आणि आम्हा सगळ्यांकडे पाठ केली. मग एकदम म्हणाल्या, "नंदे, पिठीसाखर काढ."

वीज नव्हती, ओव्हन बंद. डब्यात साधे टोस्ट होते. पावसाळ्यात लेप सुकत नाही म्हणून बाई एरवी भर पावसात तो टाळायच्या. त्या दिवशी केला. पोर कडेवर, एका हाताने वाटी. एक चमचा पाणी, माठातलं. ढवळलं. दुसरा चमचा, थेंबाथेंबाने, सगळ्यांना दिसेल असा. रेघ उमटली, बुजली. टोस्टावर ओतून पोरांना वाटले. पोरीने लेप तोंडाला, नाकाला, बाईंच्या चष्म्याला लावला. मग वहिनींनी हात पुढे केला. बाईंनी त्या हातावर टोस्ट ठेवला.

मी ठेवला नसता. आजही ठेवणार नाही.

पाणी उतरल्यावर मी विचारलं, "वहिनींना किती?" बाई म्हणाल्या, "पस्तीस. काठावर पास." मी म्हटलं, "मी नापास केलं असतं." म्हणाल्या, "म्हणून तू कोर्टात आहेस. मी शाळेत होते."

त्या दिवाळीनंतर गुडघ्यांनी जिना नको म्हटलं आणि लेक बाईंना पनवेलला घेऊन गेली. पोर जाईपर्यंत रोज वर येत होती, एवढं मात्र झालं. पुढे फोनवर बोलायचो, पण डोळ्यांनी शेवटचं बघितलं ते टेम्पोत बसताना. ओव्हन मागे बांधलेला. बाई पुढे ड्रायव्हरशेजारी, पर्स मांडीवर. सगळी सोसायटी आवारात, सावंतवहिनी पोरीला घेऊन त्यांच्या खिडकीत. माठ बाईंनी नेला नव्हता. जायच्या आधी तो त्यांनी तिसऱ्या मजल्याच्या जिन्याशी तिपाईवर ठेवला होता, वर तो पेला, आणि मला सांगितलं होतं, "जिना चढून येणाऱ्या कुणालाही."

टेम्पो सुरू झाला, फाटकाशी वळला. बाईंनी खिडकीतून डोकं बाहेर काढलं.

"नंदे! माठ भरलास का गो?"

"भरला!" मी ओरडले. तळमजल्याच्या खिडकीकडे तोंड करून, मागच्या बाकावर जाईल असं.